व्याजाचा हिशेब मांडण्याआधी सामान्य अटींचं पुस्तक काढा

तुमची पोस्ट वाचली आणि माझी २०१४ ची फाइल कुणीतरी टेबलावर आणून आपटली असं वाटलं. तुम्ही लिहिलंय: केंद्र सरकारच्या उपक्रमाचं काम, ३८ लाख अडकलेले, तिथले साहेब म्हणतात व्याज सोडा नि मुद्दल घेऊन जा, तुमचे वकील म्हणतात १८ टक्के कुठे जात नाहीत; तर प्रस्ताव घ्यावा की भांडावं?

मी वकील नाही, इंदूरचा ठेकेदार आहे, तेव्हा निव्वळ माझ्या भरवशावर काही करू नका. नोटीस, आर्बिट्रेटरची (लवादाची) नेमणूक हे तुम्हाला येतंच. मी कुठे आपटलो तेवढं सांगतो.

माझे ४१ लाख अडकले होते. २०१३ ला नोटीस दिली, वर्षभरात प्रस्ताव आला: मुद्दल पूर्ण, व्याज शून्य. रात्री बसून हिशेब मांडला. १८ टक्क्यांनी सहा वर्षं धरली तर व्याज ४४ लाख २८ हजार, मुद्दलाहून जास्त! त्या आकड्याने डोकं फिरलं. बायको म्हणाली, घ्या आणि मोकळे व्हा. मी म्हटलं, तुला कायदा कळत नाही. मला तरी कुठे कळत होता.

अ‍ॅग्रीमेंटमध्ये व्याजाबद्दल एक अक्षर नव्हतं. फक्त शेवटी ‘सामान्य अटी लागू’ अशी एक ओळ होती आणि ते अटींचं पुस्तक मी कधी उघडलंच नव्हतं. मागायला गेलो तर ऑफिसातले बाबू म्हणे वेबसाइटवर बघा. वेबसाइटवर सुधारित आवृत्ती! टेंडरच्या तारखेला लागू असलेली मिळवायला माहितीच्या अधिकारात अर्ज, मग अपील, सात महिने गेले. स्वतःच्याच अटी हे लोक असे लपवतात की जणू घरातले दागिने आहेत. त्यात लिहिलं होतं: अमानत रक्कम (टेंडरसोबत भरलेला बयाणा), सुरक्षा ठेव किंवा ठेकेदाराला देय कोणत्याही रकमेवर व्याज मिळणार नाही. तोवर प्रस्ताव कधीच मागे घेतलेला.

१९९६ च्या लवाद कायद्याचं कलम ३१(७) आर्बिट्रेटरला अवॉर्डपर्यंतचं, म्हणजे त्याच्या निवाड्यापर्यंतचं, व्याज द्यायचा अधिकार देतं खरं, पण ‘पक्षकारांनी वेगळं ठरवलं नसेल तर’. आपण सही केली म्हणजे वेगळं ठरवलंच. तरी आमच्या आर्बिट्रेटरनी २०१९ मध्ये ९ टक्के दिले. मी त्याच रात्री घरच्यांना सराफ्याच्या खाऊगल्लीत नेऊन जलेबी खाऊ घातली. मग उपक्रमवाले कलम ३४ खाली, अवॉर्ड रद्द करा म्हणून, कोर्टात गेले. २०२१ मध्ये सुप्रीम कोर्टाचा गर्ग बिल्डर्सचा निकाल आला: असा क्लॉज असेल तर आर्बिट्रेटर अवॉर्डपूर्वीचं व्याज देऊ शकत नाही, आणि तिथला क्लॉज जवळपास आमच्यासारखाच. कायदेशीर हक्क अडवणारी अट रद्दबातल, हा करार कायद्याच्या कलम २८ चा मुद्दाही तिथे टिकला नाही. आमचं अवॉर्डपूर्वीचं सगळं व्याज उडालं. ती जलेबी महागात पडली.

अवॉर्डनंतरचं व्याज मात्र वेगळं. ते कराराच्या अटीने अडत नाही, २०२४ च्या आर. पी. गर्ग प्रकरणात सुप्रीम कोर्टाने हे सांगितलंय. अवॉर्ड गप्प असेल तर जुन्या केसेसमध्ये १८ टक्के, २०१५ च्या दुरुस्तीनंतर प्रचलित दराहून २ टक्के जास्त. माझ्या अवॉर्डमध्ये ९ लिहिले होते, तेवढेच मिळाले. वकिलाला सांगून अवॉर्डनंतरचं व्याज मागणीत वेगळं लिहून घ्या.

क्लॉजचे शब्द नीट बघा. नुसतं ‘उशिरा झालेल्या पेमेंटवर व्याज नाही’ असेल तर भांडायला जागा आहे असं मला वाटतं. ‘कोणत्याही रकमेवर’ असेल तर मी तरी प्रस्ताव घेईन. कुणाला हे पळपुटेपणाचं वाटेल, वाटू दे.

उद्यम नोंदणी (लघुउद्योगाची सरकारी नोंदणी) असेल आणि ती कामाच्या आधीची असेल, तर २००६ च्या लघुउद्योग कायद्यात बँक दराच्या तिप्पट चक्रवाढ व्याज आहे. पण बांधकामाच्या ठेक्याला तो लागतो की नाही यावर हायकोर्टांची मतं वेगवेगळी आहेत, म्हणून त्यावर घर बांधू नका. आणि कुणी राज्य सरकारच्या कामाबद्दल विचारत असेल तर मध्य प्रदेशात तो रस्ताच वेगळा: १९८३ च्या कायद्याखालचं भोपाळचं मध्यस्थम अधिकरण, म्हणजे अशा तंटयांसाठीचं लवाद न्यायाधिकरण.

तुमचा प्रस्ताव लेखी आहे का? तारीख काय? माझ्या वेळी सगळं तोंडी होतं, नंतर साहेबांची बदली झाली आणि नव्या साहेबांना काहीच आठवेना. आज जाऊन लेखी मागा, क्लॉज मिळाला की नावं खोडून जसाच्या तसा इथे टाका.