जिंकलो, मग सुटका का नाही?

प्रश्न : कुलभूषण जाधव यांच्या खटल्यात हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात भारत जिंकला. मग न्यायालयाने त्यांना सोडायला का सांगितलं नाही? (एक वाचक, सांगली)

उत्तर : हा प्रश्न माझ्या वर्गात दरवर्षी निघायचा, तोही रागाने. पाकिस्तानच्या लष्करी न्यायालयाने जाधव यांना हेरगिरीच्या आरोपावरून फाशीची शिक्षा दिली होती; ती रद्द करण्याची आणि सुटकेची मागणी भारताने केली होती. १७ जुलै २०१९ च्या निकालात ही मागणी फेटाळली गेली, हे जल्लोषात आपण वाचलंच नाही.

आंतरराष्ट्रीय न्यायालय हे काही पाकिस्तानच्या लष्करी न्यायालयावरचं अपील कोर्ट नव्हे. त्याच्यापुढे मुद्दा एकच होता : १९६३ च्या व्हिएन्ना कराराचं कलम ३६. परदेशी माणसाला अटक केली, की त्याला त्याचा हक्क विनाविलंब सांगायचा आणि त्याच्या वकिलातीला भेटू द्यायचं. आरोप हेरगिरीचा आहे, म्हणून हा हक्क नाही, असं पाकिस्तानचं म्हणणं. ते १५ विरुद्ध १ मतांनी नाकारलं गेलं. विरोधातलं एकमेव मत पाकिस्तानने नेमलेल्या न्यायाधीशांचं.

कलम मोडलं, तर उपाय काय? शिक्षेचा परिणामकारक फेरविचार करा, तोवर फाशी नको, एवढंच. फेरविचार कोणत्या मार्गाने, हेही पाकिस्तानवरच सोडलं. मला हे तोकडं वाटतं. पण मेक्सिकोने अमेरिकेतल्या आपल्या कैद्यांसाठी लढवलेल्या अशाच खटल्यात २००४ मध्ये अमेरिकेलाही असाच फेरविचाराचा आदेश होता. तरी टेक्सास राज्याने २००८ मध्ये त्यातल्या एका कैद्याचा मृत्युदंड अमलात आणलाच.