आर्वो पेर्त यांना चित्रपट-संगीतकार म्हणता येईल का? त्यांना ऐकायला सुरुवात कुठून करावी?

म्हणता येईल, बिनधास्त म्हणा. 1962 ते 1978 या काळात एस्टोनियाच्या या माणसाने तीसहून जास्त चित्रपटांना संगीत दिलं, त्यात मुलांचे बाहुलीपटही आले.

इथेच थांबलो असतो, पण मी स्वतः मराठी मालिकांचं पार्श्वसंगीत करतो, त्यामुळे प्रश्न जरा झोंबला.

पुण्यात एका ओळखीच्यांकडे पाश्चात्त्य संगीत ऐकायला मंडळी जमतात. तिथे एक ज्येष्ठ जाणकार आहेत, त्यांच्या शब्दाला मान आहे. माझं काम कळल्यावर म्हणाले, "म्हणजे सासू आली की ढॅण् ढॅण्!" सगळे हसले, मीही हसलो. मग त्यांनी पेर्तचं 'श्पीगेल इम श्पीगेल' लावलं आणि "असलं संगीत बाजारात बसून होत नाही" असं ऐकवलं. माझी पाळी आली तेव्हा मी नाव न सांगता एक वॉल्ट्झ, म्हणजे तीन ठेक्यांची नाचाची धून, लावला. डोळे मिटून ऐकला, "वा, परत लावा" म्हणाले. मग सांगितलं, हाही पेर्तच. लेयदा लाइउस यांच्या 1973 च्या 'उकुआरू' चित्रपटातला. गृहस्थ पक्के. म्हणाले, "पोटासाठी केलं असणार."

अहो, पोटासाठीच केलं! 1968 मध्ये 'क्रेडो'त येशूवरची श्रद्धा उघड मांडली, आणि एस्टोनिया तेव्हा सोव्हिएत संघात, तिथल्या अधिकाऱ्यांनी ती रचना पुन्हा वाजू दिली नाही. पुढची काही वर्षं मैफलीसाठी फार थोडं लिहिलं, 1971 ची तिसरी सिंफनी हा मोठा अपवाद. त्या काळात घर चाललं ते सिनेमावर. त्याआधी 1967 पर्यंत रेडिओवर साउंड इंजिनिअरची नोकरी होती. बाजारात बसूनच झालं की सगळं.

1976 ला 'फ्यूर अलीना' ही पियानोवरची रचना आली आणि त्यांची टिंटिनॅब्युली शैली सुरू झाली. एक आवाज शेजारच्या सुरांवरून चालतो, दुसरा एका कॉर्डच्या तीन सुरांतच फिरतो. आपल्याकडे लगेच तानपुरा आठवतो लोकांना. मला नाही पटत. तानपुरा जागचा हलत नाही, इथे दुसरा आवाज पहिल्याच्या प्रत्येक सुरागणिक जागा बदलतो.

ही शैली सिनेमातून आली, असा माझा दावा नाही हं. तिच्यामागे ग्रेगोरियन चांटचा (चर्चमधलं बिनसाथीचं जुनं गायन) आणि जुन्या चर्चसंगीताचा अभ्यास आहे. शिवाय त्या तीसपैकी मी थोडेच पाहिलेत.

सुरुवात 'फ्यूर अलीना'ने करा, दोन-तीन मिनिटांची आहे. मग उकुआरूचा वॉल्ट्झ, मग 'फ्रात्रेस'. ही शेवटची 2007 च्या 'देअर विल बी ब्लड'मध्येही वाजते. हे सांगितल्यावर आमचे जाणकार म्हणाले, "ती सिनेमात वापरली, सिनेमासाठी लिहिली नव्हती." मुद्दा बरोबर आहे. उकुआरूचा वॉल्ट्झ मात्र सिनेमासाठीच लिहिला होता, आणि तो त्यांनीच परत लावायला सांगितला होता.