जपानला निघताना नावाचं काय करायचं?

तुम्ही तीन गोष्टी विचारल्यात. लग्नानंतरचं आडनाव पासपोर्टावर चढवून मग टोकियोला यावं की माहेरचंच ठेवावं, मधल्या नावाचं इथे काय होतं, आणि बाळ इथेच होणार असल्यामुळे दोन्हीकडे खपेल असं नाव कसं शोधावं. घर, शाळा, व्हिसा यांबद्दल सांगणारे पुष्कळ भेटतील. नावाबद्दल निघण्याआधी कुणी विचारतच नाही, म्हणून जरा पाल्हाळ लावते.

आडनाव बदलू नका, असं माझं स्पष्ट मत. जपानी नवरा-बायकोला एकच आडनाव लावावं लागतं. इथल्या नागरी कायद्याचं कलम ७५० तसं सांगतं. कुणाचं घ्यायचं ते कायदा सांगत नाही, पण शंभरातल्या सुमारे ९५ जोडप्यांत बदलते ती बायकोच. २०१५ मध्ये आणि पुन्हा २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा नियम घटनेत बसतो असा निकाल दिला, तरी वाद काही मिटलेला नाही. गंमत म्हणजे परदेशी माणसाला हे लागूच नाही. ज्या कुटुंबनोंदीवर, म्हणजे कोसेकीवर, हे सगळं उभं आहे ती फक्त जपानी नागरिकांची असते. तुमचं आणि नवऱ्याचं आडनाव वेगळं का, असं वॉर्ड ऑफिसात कुणी विचारणार नाही. विवाहाचा दाखला दाखवला की झालं. तरीही बदलायचंच असेल तर सीओईचा, म्हणजे व्हिसाआधी लागणाऱ्या पात्रता प्रमाणपत्राचा, अर्ज करण्याआधी बदला. आल्यावर बदललंत तर रेसिडन्स कार्ड, बँक, विमा, मोबाइल अशी सगळी वरात पुन्हा काढावी लागते.

मधलं नाव हा खरा घोळ. जपानी नावात दोनच भाग, आधी घराण्याचं आणि मग स्वतःचं. आपल्या पासपोर्टात वडिलांचं किंवा नवऱ्याचं नाव ‘गिव्हन नेम’च्या रकान्यात बसलेलं असतं, आणि रेसिडन्स कार्डावर पासपोर्टातली रोमन अक्षरं जशीच्या तशी छापतात. समजा, कार्डावर ‘कुलकर्णी वैदेही सचिन’ असं आलं. आडनाव आधी ही इथली रीत, पण परदेशी माणसाचं स्वतःचं नाव कुठलं, याबद्दल समोरच्याची खात्री नसते. मग दवाखान्यात नर्स बाहेर येते, कागदाकडे बघते, धीर करून शेवटचा शब्द उचलते आणि ‘साचिन-सामा’ अशी हाक मारते (‘सामा’ म्हणजे आदराने ‘जी’). वैदेही जागची हलत नाही, कारण सचिन ऑफिसात असतो. आमच्या टोकियोतल्या निशी-कासाईत मराठी घरं बरीच आहेत आणि हा प्रसंग जवळपास प्रत्येक घरात घडून गेलेला आहे.

पासपोर्टातून मधलं नाव काढायच्या फंदात आता पडू नका. तुमची बाकीची कागदपत्रं त्याच नावाने असणार. फक्त फॉर्मवर जिथे ‘तुम्हाला काय हाक मारायची’ असं विचारलेलं असेल तिथे आडनाव लिहा. ऑफिसात सगळे एकमेकांना आडनाव आणि ‘सान’ (हेही आपल्या ‘जी’सारखंच) असंच म्हणतात. एकाच टीममध्ये तीन पाटील आले की मात्र नाइलाजाने पहिल्या नावावर येतात. स्वतःच्या नावाला ‘सान’ कधीच लावायचं नाही, हे आतापासून जिभेला वळण लावा.

त्याहून महत्त्वाचं म्हणजे काताकाना. ही परदेशी शब्दांची लिपी, आणि बँकेचे सगळे व्यवहार खातेदाराच्या काताकाना नावावर चालतात. या लिपीत र आणि ल एकच, त्यामुळे लीला आणि रीरा सारख्याच लिहिल्या जातात. भ, घ, ध यांतला ह गळून पडतो, व कधी व तर कधी ब होतो, आणि जोडाक्षर फोडून मध्ये स्वर घुसडतात: श्रीकांतचा श्युरिकान्तो. दीर्घ स्वरासाठी एक आडवी रेघ मारतात. ही रेघ भारी त्रास देते. आमच्या ओळखीतल्या एकीने बँकेत ‘मीना’ रेघ देऊन लिहिलं, कंपनीच्या फॉर्मवर रेघेविना. पहिला पगार खात्यात पडलाच नाही. तेव्हा दोघांच्या नावांचं काताकाना निघण्याआधीच ठरवा, फोनमध्ये फोटो काढून ठेवा आणि प्रत्येक फॉर्मवर तेच उतरवा. रोमन स्पेलिंग बघून दुसऱ्याला लिहू देऊ नका, आपल्या उच्चारावरून लिहा. नाहीतर ज्ञानेशचं ‘डी’ने सुरू होणारं स्पेलिंग वाचून इथे त्याचा ‘दोन्यानेश्यु’ करतात आणि बिचारा जन्मभर दोनदा वळून बघतो.

अर्थाचं म्हणाल तर आपल्या काही आडनावांचे इथे भलतेच अर्थ होतात. शिंदे म्हटलं की जपानी कानाला ‘मरून’ असं ऐकू येतं, माने म्हणजे नक्कल, काणे म्हणजे पैसा, काळे म्हणजे ‘तो’. लोक सभ्य आहेत, कुणी तोंडावर हसत नाही. शिंदे मंडळींनी पहिल्याच भेटीत स्वतःच विषय काढून हसून घेतलेलं बरं. उलट दाते असाल तर मजा आहे. सेंदाईचा प्रसिद्ध सरदार दाते मासामुने, त्यामुळे उच्चार न शिकवता बरोबर येतो आणि वर थोडा मानही मिळतो.

त्यांच्या आडनावांशी आपली नाळ लवकर जुळते. यामामोतो म्हणजे डोंगराच्या पायथ्याचे, तानाका म्हणजे भातशेतांच्या मधले, इनोउए म्हणजे विहिरीच्या वरच्या अंगाचे, कोबायाशी म्हणजे लहानशा रानाचे. आपण गावाच्या नावाला ‘कर’ लावतो, यांनी गावातली नेमकी जागाच आडनावात घातली. अर्थात सगळीच जुनी नाहीत. एदो काळात (१६०३ ते १८६८) सामान्य रयतेला चारचौघांत आडनाव लावायची परवानगी नव्हती. १८७० मध्ये सरकारने ती दिली, तरी लोक फारसे पुढे आले नाहीत. शेवटी १८७५ मध्ये सक्तीच केली. करवसुली आणि सैन्यभरतीसाठी सरकारला माणसं नावानिशी हवी होती.

आता बाळाचं नाव. जपानी आईबापांची यात जी कसरत चालते ती तुमच्या वाट्याला नाही. त्यांना सरकारमान्य कांजींतूनच, म्हणजे सुमारे तीन हजार चिन्हांतून, नाव बांधावं लागतं (नुसता उच्चार दाखवणारी काना अक्षरं वेगळी). एकच उच्चार डझनभर प्रकारे लिहिता येतो आणि प्रत्येकाचा अर्थ निराळा, त्यामुळे आजी-आजोबा कोश घेऊन बसतात. १९९३ मध्ये टोकियोजवळच्या आकिशिमा शहरात एका बापाने मुलाचं नाव ‘आकुमा’, म्हणजे सैतान, ठेवायला घेतलं. नगरपालिकेने अडवलं, प्रकरण कोर्टात गेलं, देशभर गाजलं. चिन्हाचा आणि उच्चाराचा काडीमात्र संबंध नसलेल्या नावांचं पीक पुढे इतकं आलं, की मे २०२५ पासून कोसेकीत नावाचा उच्चारही नोंदवायला लागले आणि तो चिन्हाला धरून असावा असं ठरलं. तुमच्या बाळाचं नाव काताकानात लिहिलं जाणार, म्हणून यातलं काहीच आड येत नाही.

दोन्हीकडे सहज चालणारी नावं हवी असतील तर माया, मीना, अमी ही इथल्या मुलींचीही असतात. उमा ठेवणार असाल तर एवढं माहीत असू द्या की इथे उमा म्हणजे घोडा. पण भार्गवी मनात असेल तर केवळ भ साठी सोडू नका. बालवाडीतल्या बाई ‘बारुगावी’ म्हणतील, घरी भार्गवी राहील, आणि पोरांना हे दुहेरी उच्चार आपल्याइतके खटकत नाहीत. नाव ठरलं की एखाद्या जपानी मैत्रिणीला मोठ्याने म्हणायला सांगा. तिचा चेहरा बघितला की कळतं.

बाळाला मधलं नाव पासपोर्टात देऊ नका. बापाचं नाव जन्माच्या दाखल्यात असतंच, आणि हे पोर इथे शाळेत जाणार आहे.

कागदपत्रांच्या मुदती कडक आहेत. जन्माची नोंद वॉर्ड ऑफिसात १४ दिवसांत, जन्माचा दिवस धरून. फॉर्मचा उजवा भाग हॉस्पिटलच भरून देतं, डावीकडे नाव तुम्ही लिहायचं. इथे जन्मल्याने नागरिकत्व मिळत नाही, म्हणून बाळाच्या व्हिसाचा अर्ज ३० दिवसांत इमिग्रेशनकडे करायचा. भारतीय दूतावासातली नोंद वर्षाच्या आत होऊ शकते, पण पासपोर्टासाठी ती लवकर केलेली बरी. दाखल्यात नाव काताकानात येतं आणि त्यावरून रोमन स्पेलिंग कुणी ओळखू शकत नाही, तेव्हा ते तुम्हीच एकदा पक्कं करून सगळ्या अनुवादांत तेच ठेवा. बारसं बाराव्या दिवशी करणार असाल तर वॉर्ड ऑफिससाठी दोन दिवस उरतात, आणि त्यात शनिवार-रविवार येऊ शकतो. आई-सासूबाई उशिरा पोचणार असतील तर पाळणा त्या आल्यावर बांधा. नाव मात्र तोवर कागदावर गेलेलं असेल, हे त्यांना आधीच फोनवर सांगून ठेवा.