पर्यायी जमिनीने मापुचे लोकांचा प्रश्न का सुटत नाही?

प्रश्न : चिलीचे सरकार मापुचे आदिवासींसाठी अनेक वर्षे जमीन विकत घेत आहे, असे वाचनात आले. जमिनीच्या बदल्यात जमीन मिळत असताना त्यांचा संघर्ष का थांबत नाही? — एक वाचक

उत्तर : आपण वाचले ते खरे आहे. १९९३ च्या आदिवासी कायद्यान्वये स्थापन झालेली ‘कोनादी’ ही सरकारी संस्था वादातील जमिनी खाजगी मालकांकडून विकत घेऊन मापुचे समुदायांना देते. परंतु मापुचेंची मागणी अमुक इतके हेक्टर मिळावेत अशी नसून अमुकच जमीन परत मिळावी अशी असते. झरा, पाणथळ, डोंगर, रान या प्रत्येकाचा ‘न्गेन’ म्हणजे राखणदार असतो आणि त्याची अनुमती घेतल्यावाचून तेथून काही नेऊ नये, अशी त्यांची श्रद्धा आहे. ‘माची’ या उपचारकर्त्या आपल्या वनौषधी ठरावीक पाणथळीतूनच आणतात. पूर्वजांचे दफन जेथे झाले, ती जागा तर दुसरीकडे नेताच येत नाही. बियोबियो नदीच्या वरच्या खोऱ्यातील राल्को धरण २००४ मध्ये भरले, तेव्हा पेहुएन्चे या मापुचेंच्या डोंगराळ शाखेची दफनभूमी पाण्याखाली गेली. विस्थापित कुटुंबांना पर्यायी जमीन मिळाली होती, पण या हानीची भरपाई कोणत्या जमिनीने व्हावी?

या मागणीला इतिहासाचाही भक्कम आधार आहे. १६४१ च्या किलिन येथील तहात तेव्हाच्या वसाहतवादी स्पेनने बियोबियोच्या दक्षिणेकडील मापुचेंचे स्वातंत्र्य मान्य केले होते. चिलीच्या सैन्याने १८६१ ते १८८३ या काळात तो प्रदेश व्यापला आणि पुढे १९२९ पर्यंत सरकारी सनदांद्वारे सुमारे पाच लाख हेक्टर, म्हणजे मूळ भूमीचा जेमतेम विसावा हिस्सा, त्यांच्याकडे ठेवला. त्यातूनही बरीच जमीन नंतर बळकावली गेली. लष्करी हुकूमशहा पिनोशेच्या राजवटीत १९७४ च्या हुकुमाने वनलागवडीला अनुदान मिळाले, १९७९ च्या हुकुमाने सामुदायिक जमिनींच्या वाटण्या सुरू झाल्या, आणि जुन्या रानांच्या जागी पाइन व निलगिरीची लागवड पसरली. तिच्यालगतचे झरे आटल्याची तक्रार गावोगावी ऐकू येते, आणि माझ्या मते ती मालकीहक्काच्या तक्रारीइतकीच गंभीर आहे.

कोनादीची अडचण अशी, की मालक राजी असेल तरच खरेदी होते. तो नकार देतो किंवा भरमसाट किंमत मागतो, तेव्हा समुदायाला कित्येकदा दूरच्या तालुक्यातील जमीन देऊ केली जाते, आणि सनदेत नोंदलेली मूळ जमीन तशीच दुसऱ्याच्या ताब्यात राहते.