घड्याळजींना विचारा : काळाचा नकाशा काढणारा मांत्रिक

प्रश्न : काका, मी साताऱ्यात कॉलेजला आहे. एका काल्पनिक राज्यावर कादंबरी लिहितेय. नायक मांत्रिक आहे, काळाचे नकाशे काढतो, स्वतःची यंत्रंही बनवतो. सात प्रकरणं झाली, पण मैत्रीण म्हणते, 'याचा नुसता झगा दिसतो, माणूस दिसत नाही.' तुमचा जन्म घड्याळं दुरुस्त करण्यात गेला, म्हणून विचारते : असा माणूस दिवसभर करत काय असेल?
– एक वाचक, सातारा

उत्तर : मैत्रीण जपून ठेव, खरं बोलणारी आहे.

तुझी पानं वाचली. तो डोळे मिटतो, मंत्र म्हणतो आणि हवेत सोनेरी नकाशा उमटतो. मग पुढे त्याला उद्योग काय उरला? दिवस ढळेपर्यंत दाढी कुरवाळत बसणार.

मी एकदा काळाचा नकाशा पाहिलाय, तो सांगतो. 2019चा ऑगस्ट. आमच्या सांगलीत कृष्णेवरच्या आयर्विन पुलापाशी 45 फूट ही धोक्याची पातळी, तेव्हा पाणी 57 फुटांच्या वर गेलं होतं. पेठेतलं माझं दुकान बुडालं. पाणी उतरल्यावर शटर उचललं तर आत घोटाभर चिखल आणि भिंतीवर सगळी घड्याळं बंद. पण एका वेळेला बंद पडलेली नव्हती. खालच्या फळीवरचं तीन वीसला, काउंटरच्या उंचीवरचं नऊ पाचला, छताजवळचं जुनं लंबकाचं सहा चाळीसला. पाणी जसं चढलं तसं एकेक थांबलं होतं. मुलगा म्हणाला, 'बाबा, आधी चिखल काढू या.' मी खडू शोधत होतो.

प्रत्येक घड्याळाच्या उंचीला रेघ मारली, शेजारी वेळ लिहिली. मग लक्षात आलं, तीन वीस हे पहाटेचे की दुपारचे? आणि कुठल्या दिवसाचे? तबकडीला बाराच आकडे, ती तरी काय सांगणार? तारीख दाखवणारं एकच मनगटी घड्याळ दुरुस्तीला होतं, ते गिऱ्हाईक आदल्याच दिवशी घेऊन गेलेलं. शेवटी गल्लीत विचारत फिरलो. पाणी पायरीला लागलं तेव्हा चहा झाला होता का? दूधवाला येऊन गेला होता? वरच्या मजल्यावरच्या आजींनी सांगितलं, 'देवापाशी दिवा लावत होते, तेव्हा तुझ्या दुकानाची पाटी बुडाली.' म्हणजे सहा चाळीस संध्याकाळचे. एक रेघ पक्की झाली. बाकीच्यांना अजून दोन दिवस गेले.

तुझ्या मांत्रिकाला हेच काम दे. नकाशात तास दिसतो, दिवस दिसत नाही. त्यासाठी त्याला दारोदार हिंडावं लागतं, म्हाताऱ्यांचं ऐकून घ्यावं लागतं, कुणी हाकलतंही. झगा चिखलाने भरला की आपोआप माणूस दिसायला लागेल.

यंत्रांचंही तसंच. त्याला एक घटिकापात्र दे : तळाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी, पाण्यावर सोडायची, 24 मिनिटांनी बुडते. 'घटका भरली' म्हणतो ना आपण, ती हीच. अहोरात्रात अशी 60 वेळा. एकदा डुलकी लागली की हिशेब चुकला. भोकात क्षार धरला की घटका लांबते, मग काडीने कोरत बसायचं. ही कटकट लिही, ती मंत्रांपेक्षा जास्त खरी वाटते. आणि एखादं फसलेलं यंत्रही असू दे. भास्कराचार्यांनी 1150मध्ये 'सिद्धांतशिरोमणी' पुरा केला, त्यात आऱ्यांमध्ये पारा भरलेलं, आपोआप फिरत राहणारं चाक सांगितलंय. तसं चाक फिरत राहत नाही, पण एवढा मोठा गणिती त्या नादाला लागला, हे मला फार आवडतं. गंमत म्हणजे सगळ्या यंत्रांत श्रेष्ठ कुठलं, तर 'धीयंत्र', म्हणजे बुद्धी, असंही तेच म्हणतात.

हवेतला सोनेरी नकाशा मात्र काढून टाक. कातड्यावर, भिंतीवर, कशावरही काढ, पण त्याचा हात काळा होऊ दे.

आता लिहिणं चार दिवस थांबव आणि गच्चीवर एक काठी उभी कर. ओळंबा लावून, अगदी सरळ. सावली सगळ्यात आखूड कधी होते ते बघ. घड्याळात बारा वाजता होणार नाही. आपली प्रमाणवेळ साडेब्याऐंशी रेखांशाची, तू चौऱ्याहत्तराच्या आसपास. एका अंशाला चार मिनिटं. म्हणजे तुझी खरी दुपार सरासरी बारा चौतीसला. तीही रोज जागा बदलते : नोव्हेंबरच्या सुरुवातीला सव्वाबाराच्या पुढेमागे, फेब्रुवारीत पाऊण वाजून जातो. या महिन्यांत सूर्य दक्षिणेला, अजिंक्यतारा किल्ल्याच्या अंगाला असेल, सावली उत्तरेला पडेल.

सांगली तुझ्या पूर्वेला, त्यामुळे इथली दुपार तुझ्याआधी साधारण दोन मिनिटं होते. मीही दुकानामागे काठी रोवतोय. तू तुझी वेळ तारखेसकट लिहून पाठव. तारीख विसरू नकोस.