संवाद नसलेल्या शॉर्टफिल्ममध्ये माणसाचं यंत्र होणं कंटाळा न आणता कसं दाखवू?

कारखान्यातल्या कामगारावर दहा मिनिटांची फिल्म, आणि सुरुवात गजराने? आधी तो गजर काढा. गजर, ब्रश, डबा, बस हे इतक्यांनी केलंय की पुढचा शॉट प्रेक्षकच सांगून मोकळा होतो.

सांतियागो ग्रासोची 'एल एम्प्लेओ' (२००८) बघा. अर्जेंटिनाचा छोटा अ‍ॅनिमेशनपट, संवाद अजिबात नाही. त्यात वस्तूंची कामं माणसंच करतात: दिवा म्हणजे माणूस, खुर्ची म्हणजे माणूस, टॅक्सीही माणूसच. शेवट सांगत नाही. कुणीच दचकत नाही, हीच त्यातली खरी करामत. नायकाला काही वावगं वाटत नाही, म्हणून आपल्याला वाटतं. तुमच्या नायकाला एकदाही उसासा टाकू देऊ नका.

दरडावणारा सुपरवायझरही नको. मी गोव्यात वेर्ण्याला एका औषध कंपनीत होतो. तिथे चेंज रूमच्या मधोमध स्टीलचा आडवा बाक. अलीकडे चपला काढायच्या, बाकावर बसायचं, पाय उचलून पलीकडे वळवायचे, पलीकडचे बूट चढवायचे. अलीकडे परत पाऊल टेकवायचं नाही. मग टोपी, मास्क, झगा. उरतात फक्त डोळे. कुणी ओरडत नाही, बाकच सगळं करून घेतो. नियम चुकीचा नाही हो, गोळ्यांत केस-धूळ जाऊ नये म्हणूनच आहे. पण फिल्मला तेच पथ्यावर पडतं, कारण खलनायक शोधावा लागत नाही.

कॅमेरा बाकासमोर लावा आणि हलवू नका. पहिली फेरी पूर्ण दाखवा, अगदी बुटाच्या नाडीपर्यंत. दुसरी निम्म्यात कापा. तिसरीत मास्क चढल्यावर नटच बदला, पण हालचाली त्याच, लयही तीच. चेहरा झाकलेला, त्यामुळे बऱ्याच जणांना कळणारच नाही. ज्याला कळेल तो खुर्चीत सरसावून बसेल.

फेऱ्यांचं गणित शिकायला पोलिश दिग्दर्शक रिब्चिन्स्कीची 'टँगो' (१९८०) ही छोटी फिल्म आहे. एकच खोली, एकच कॅमेरा, आणि आपापलं काम पुन्हा पुन्हा करणारी, एकमेकांना न धडकणारी माणसं. तिला ऑस्करही मिळालं.

पार्श्वसंगीत घालू नका, एसीची घरघर पुरे. आणि कंपन्यांकडे शूटिंगची परवानगी मागत फिरू नका, आत कॅमेरा सोडायला सहसा कुणी तयार होत नाही. पांढऱ्या टाइल्सची खोली आणि लांब बाक मिळाला की भागतं. झगे, टोप्या सर्जिकलच्या दुकानात मिळतात.