न्यायालयाचा अवमान, अवमानना की बेअदबी?

एका नगरपालिकेने उच्च न्यायालयाचा आदेश मुदतीत पाळला नाही, या बातमीत ‘न्यायालयाची बेअदबी’ असे छापले होते. ते योग्य, की ‘अवमान’ म्हणावे, की ‘अवमानना’, अशी विचारणा झाली आहे. अशा ठिकाणी ‘अवमान’च लिहावे असे माझे ठाम मत आहे, आणि त्याचे कारण व्याकरणापेक्षा कायद्यात अधिक आहे.

१९७१ च्या न्यायालय अवमान अधिनियमात अवमानाचे दोन प्रकार सांगितले आहेत. न्यायालयाचा आदेश किंवा हुकूमनामा बुद्धिपुरस्सर न पाळणे, अथवा न्यायालयाला दिलेली हमी बुद्धिपुरस्सर मोडणे, हा दिवाणी अवमान. न्यायालयाची अप्रतिष्ठा करणारे किंवा न्यायदानात अडथळा आणणारे लेखन, वक्तव्य वा कृती, हा फौजदारी अवमान. ‘बेअदबी’ या दुसऱ्या प्रकाराला काहीशी शोभते. परंतु अत्यंत नम्र भाषेत पत्रोत्तरे देत आदेश बासनात गुंडाळून ठेवणाऱ्या अधिकाऱ्याने अदब कुठेच सोडलेली नसते, तरीही तो दिवाणी अवमानाचा दोषी ठरू शकतो. ‘अव’ आणि ‘मन्’ यांपासून बनलेल्या ‘अवमान’ शब्दात कमी लेखणे, न जुमानणे हा अर्थ मुळातच असल्यामुळे तो दोन्ही प्रकारांना पुरतो. २००६ साली सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्राचे तेव्हाचे मंत्री स्वरूपसिंह नाईक यांना अवमानाबद्दल एक महिन्याची कैद सुनावली, ती कोणत्याही अपशब्दासाठी नव्हे, तर वनखात्याचा कारभार पाहताना न्यायालयाचे आदेश डावलून आरागिरण्यांना परवानग्या दिल्याबद्दल.

‘अवमानना’ हा शब्दही संस्कृतच आहे, म्हणून त्याला अशुद्ध म्हणता येणार नाही. मात्र अलीकडे तो हिंदी बातम्यांतून आपल्याकडे येत आहे, आणि रुळलेला पुल्लिंगी शब्द असताना त्याची गरज मला दिसत नाही.

बातमी लिहिणाऱ्यांनी ‘बुद्धिपुरस्सर’ या अटीचे भान ठेवावे, ही कळकळीची विनंती. केवळ उशीर झाला म्हणजे अवमान झाला असे नाही. तो झाला की नाही हे न्यायालय ठरवते, आणि तोवर ‘अवमान याचिका दाखल’ एवढेच लिहिणे न्याय्य ठरते.

याच बातमीत पुढे ‘नगरपालिकेने आदेशाची बजावणी केली नाही’ असे वाक्य होते, तेही दुरुस्त करायला हवे. ज्याला आदेश झाला तो आदेशाचे पालन करतो. बजावणी ही न्यायालयाच्या यंत्रणेकडून होते: नोटीस बजावली जाते, आणि हरलेला पक्ष हुकूमनामा पाळत नसेल तर जिंकलेला पक्ष त्याच्या बजावणीसाठी दिवाणी न्यायालयात ‘दरखास्त’ दाखल करतो. दरखास्तीतून हक्काची वसुली होते, तर अवमान याचिकेत आज्ञाभंगाचा जाब विचारला जातो. म्हणून त्या वाक्यात ‘नगरपालिकेने आदेशाचे पालन केले नाही’ असे हवे होते.